हेल चालला, रंग चालला नाही

अ‍ॅकॉर्डियन वाजवणाऱ्याकडे प्रेक्षकांचे लक्ष गायकापेक्षा पुष्कळ कमी आणि गिटारवाल्यापेक्षा थोडे जास्त असते, हे मी स्वानुभवाने सांगू शकतो. १९७८ ते १९८४ अशी सहा वर्षे बेळगावातल्या एका हौशी ऑर्केस्ट्रात हे वाद्य छातीशी बांधून मी उभा होतो. गणेशोत्सव, गॅदरिंग, लग्नाच्या आदल्या रात्रीचे कार्यक्रम. हिंदी-मराठी चित्रपटगीते, आणि समोर कानडी मंडळी जास्त असली तर चार कानडी गाणी. आमच्यात खरा गुणी एकच होता, ढोलकी आणि बोंगो वाजवणारा मुलगा. त्याच्याविषयी शेवटी लिहीन.

एकदा पुण्याच्या एका मंडळाने बोलावले. आमचा निवेदक ऐन वेळी तापाने आडवा झाला म्हणून ध्वनिक्षेपकापुढे मी गेलो. दोन वाक्ये बोललो असेन नसेन, तोच सभागृहात खसखस पिकली. आमच्या मराठीला कानडी हेल आहे हे आम्हाला घरी कधी जाणवत नाही. निपाणी ओलांडली की लोक जाणवून देतात. मंडळाचे चिटणीस विंगेत येऊन म्हणाले, ‘‘वाजवता छान हो, पण बोलायला आमचा माणूस देतो.’’ त्यांच्या मनात काही वाईट नव्हते. पण ते वाक्य माझ्या कानातून आजवर गेलेले नाही.

हे सगळे पुन्हा उकरून काढायचे कारण म्हणजे गेल्या पावसाळ्यात भाच्याने मला दाखवलेली जुन्या अमेरिकन दूरचित्रवाणी कार्यक्रमांची चित्रीकरणे. मी त्यांत अ‍ॅकॉर्डियन शोधत होतो. सापडला लॉरेन्स वेल्क. डोक्यावर चापून बसवलेले केस, हातात छडी, आणि इंग्रजी अशी की प्रत्येक शब्दाला शेताची माती लागलेली. हा माणूस आपल्या हेलासकट सत्तावीस वर्षे अमेरिकेच्या घराघरांत बोलत राहिला. त्याला कोणी विंगेत पाठवले नाही. का पाठवले नाही, आणि मग कोणाला पाठवले, हे समजून घेण्यासाठी तीन महिने ही चित्रीकरणे पाहत बसलो. हा लेख त्यातूनच झाला.

*

प्रथम एक खुलासा. ‘ऑर्केस्ट्रा’ म्हटले की आपल्या डोळ्यांपुढे चित्रपटगीतांचा रंगमंचीय कार्यक्रम येतो. अमेरिकेत १९३०-४० च्या दशकांत ज्याला डान्स ऑर्केस्ट्रा म्हणत तो निराळा प्रकार. पंधराएक वादक: सॅक्सोफोनची एक रांग, ट्रम्पेट आणि ट्रॉम्बोनच्या दोन रांगा, मागे पियानो, उभा बेस, ड्रम. समोर खुर्च्या नव्हत्याच, लाकडी गुळगुळीत जमीन होती आणि तिच्यावर नाचणारी जोडपी. गाणारा असला तरी मधले एखादे कडवे म्हणून खाली बसे. संगीताची परीक्षा टाळ्यांनी होत नसे, पावलांनी होई. लय चुकली तर जोडपी जागच्या जागी अडत. आपल्याकडे विसर्जनाच्या मिरवणुकीतला बॅण्डमास्तर जसा पुढच्या पोरांच्या पायांकडे बघून वेग ठरवतो, तसाच हा प्रकार.

दुसऱ्या महायुद्धानंतर हे सारे ढासळले. प्रवास महागला, पगार वाढले. १९४४ साली सरकारने नाच-गाण्याच्या जागांवर आधी ३० टक्के आणि लगेच कमी करून २० टक्के कर बसवला. १९४६ च्या अखेरीस बेनी गुडमन, वूडी हर्मन, हॅरी जेम्स, टॉमी डॉर्सी अशा नामवंतांनी थोड्याच दिवसांच्या अंतराने आपापले ताफे मोडले. पुढे काहींनी ते पुन्हा बांधले, पण पूर्वीचे दिवस आले नाहीत. ज्या नव्या यंत्राने हात द्यावा, त्या दूरचित्रवाणीवर वाजवायला खुद्द वादकांच्या संघटनेनेच १९४५ पासून मनाई केली होती. संघटनेचे अध्यक्ष जेम्स पेट्रिलो यांचे म्हणणे, आधी दर ठरू द्या. ती मनाई १९४८ च्या वसंतात उठली. त्याच वर्षी २० जूनला सीबीएसवर एड सलिव्हनचा प्रसिद्ध कार्यक्रम सुरू झाला. त्यात कसरतपटू, विनोदवीर, गायक, बोलक्या बाहुल्या, सगळे होते. रे ब्लॉक यांचा वाद्यवृंदही होता, पण साथीपुरता. तो ऐकू येई. कॅमेरा त्याच्याकडे फारसा वळत नसे.

*

इथे मूळ अडचण आहे, आणि ती मला वादक म्हणून लगेच कळली. त्या काळचा पडदा दहा-बारा इंचांचा. त्यात पंधरा माणसे एकदम दाखवली तर काडेपेटीतल्या काड्या दिसतात. म्हणून कॅमेरा पुढे सरकतो आणि एका चेहऱ्यावर थांबतो. संचाचा ध्वनिवर्धक तळहाताएवढा. त्यातून ट्रम्पेट ऐकू येतो, उभा बेस जवळजवळ नाहीसा होतो. आणि नाचणाऱ्याचे पाऊल ज्यावर पडते तो तर बेसच! म्हणजे दूरचित्रवाणीने नाचाच्या वाद्यवृंदाचे पायच काढून घेतले आणि त्याला म्हटले, आता चेहरा दाखव.

मग चेहरा दाखवण्याच्या नाना युक्त्या झाल्या. के कायझर या बॅण्डप्रमुखाने पदवीधराचा झगा घालून प्रश्नमंजुषा मांडली. सॅमी के प्रेक्षकांतल्या एखाद्याला वर बोलावून त्याच्या हाती छडी देई आणि म्हणे, चालवा आमचा वाद्यवृंद! लोक पोट धरून हसत. मी ते पाहिले तेव्हा मला मात्र वादकांची दया आली. आयुष्यभर तालात राहायला शिकलेली माणसे एका गोंधळलेल्या पाहुण्याच्या हातवाऱ्यांबरोबर मुद्दाम अडखळत होती. १९५०-५१ मध्ये ड्यूमाँट या वाहिनीने ‘कॅव्हलकेड ऑफ बॅण्ड्स’ नावाने दर आठवड्याला निराळा बॅण्ड बोलावून पाहिला. तोही दीड-दोन वर्षांत बंद पडला.

सर्वांत बोलके उदाहरण डॉर्सी बंधूंचे. टॉमी ट्रॉम्बोन वाजवी, जिमी सॅक्सोफोन आणि क्लॅरिनेट. एकमेकांशी भांडून वेगळे झालेले आणि पुन्हा एकत्र आलेले हे दोघे भाऊ सीबीएसवर ‘स्टेज शो’ नावाचा कार्यक्रम करीत. २८ जानेवारी १९५६ च्या शनिवारी त्यांच्याकडे एक एकवीस वर्षांचा पाहुणा आला. त्याचे नाव एल्व्हिस प्रेस्ली. राष्ट्रीय दूरचित्रवाणीवरचे ते त्याचे पहिले दर्शन. मार्चअखेरपर्यंत तो तिथे सहा वेळा गायला. ११ फेब्रुवारीला त्याच्या ‘हार्टब्रेक हॉटेल’ला डॉर्सींच्या ताफ्याने साथ केली. ते चित्रीकरण जरूर पाहावे. गाणे मोजक्या वाद्यांवर उभे राहणारे, मोकळ्या जागा असलेले. त्यात मध्येच ट्रम्पेट शिरतो आणि एल्व्हिसला काय करावे कळत नाही. दोन्हीकडचे वादक चांगले. पण एका घरात दोन स्वयंपाक चालल्यासारखे वाटते. त्याच वर्षी नोव्हेंबरात टॉमी गेला, पुढच्या जूनमध्ये जिमी. आणि ५ ऑगस्ट १९५७ ला एबीसीवर ‘अमेरिकन बॅण्डस्टॅण्ड’ देशभर दिसू लागला. त्यात नाचणारी मुले होती, नावात बॅण्ड होता, प्रत्यक्षात बॅण्ड नव्हता. तबकड्या वाजत होत्या.

*

या पडझडीत टिकला तो वेल्क. त्याच्याविषयी जाणकार नाक मुरडतात, तेव्हा त्याची बाजू आधी मांडतो.

वेल्कचा जन्म ११ मार्च १९०३ चा, नॉर्थ डाकोटा राज्यातल्या स्ट्रासबर्ग गावाजवळच्या शेतावर. आईवडील जर्मन भाषिक, पण जर्मनीतून नव्हे, तर रशियन साम्राज्यातल्या ओडेसा भागातून आलेले. म्हणजे तिथेही परभाषिकांत, इथेही परभाषिकांत. घरी जर्मन, चर्चमध्ये जर्मन, गावात जर्मन. त्याला चारशे डॉलरचे अ‍ॅकॉर्डियन हवे होते. वडिलांनी घेऊन दिले, पण एकविसाव्या वर्षापर्यंत शेतावर राबायचे आणि वाजवून मिळेल तो पैसा घरात द्यायचा या बोलीवर. मुलाने बोली पाळली आणि १९२४ साली एकविसाव्या वाढदिवशी घर सोडले. इंग्रजी त्याने त्यानंतर खऱ्या अर्थाने शिकली. त्याच्या मधल्या वर्षांत, १९१७ ला अमेरिका युद्धात उतरल्यावर, तिथल्या अनेक राज्यांनी शाळांतून जर्मन काढून टाकली होती. आपल्या मुलाने घराबाहेर कोणत्या भाषेत तोंड उघडायचे, हा प्रश्न त्या घरांना काय वाटला असेल, ते या अंकाच्या वाचकांना समजावून सांगायला नको.

१९५१ पासून लॉस एंजेलिसची केटीएलए वाहिनी सान्ता मोनिकाजवळच्या अ‍ॅरागॉन नाचघरातून त्याचा कार्यक्रम दाखवू लागली, आणि २ जुलै १९५५ ला एबीसीवर तो देशभर गेला. प्रायोजक डॉज मोटारवाले. वेल्कची युक्ती अगदी साधी होती. त्याने नाचणाऱ्यांना पडद्याबाहेर घालवले नाही. वादक वाजवत आहेत आणि समोर साधी, मध्यमवयीन जोडपी नाचत आहेत, असेच कॅमेऱ्याने दाखवले. मध्येच तो स्वतः खाली उतरून एखाद्या आजीबाईंबरोबर दोन फेऱ्या घेई. बेस ऐकू येत नसला तरी पावले दिसतात. डोळ्यांनी ताल धरता येतो! बाकीच्यांनी वाद्यवृंदाला चेहरा चिकटवला, याने त्याचे पाय परत दिले. यंत्राची मर्यादा ओळखून केलेला हा उपाय मला कलावंताचा वाटतो.

वादकही लेचेपेचे नव्हते. मायरन फ्लोरेनचा उजवा हात अ‍ॅकॉर्डियनच्या पट्ट्यांवरून असा धावतो की भात्याचा श्वास कुठे बदलला ते माझ्यासारख्यालाही पकडता येत नाही. न्यू ऑर्लिन्सचा क्लॅरिनेटवादक पीट फाउंटन १९५७ ते १९५९ त्या ताफ्यात होता. पुढे ड्यूक एलिंग्टनचा सॅक्सोफोनवादक जॉनी हॉजेस याने वेल्कच्या वाद्यवृंदाबरोबर एक अख्खी ध्वनिमुद्रिका केली. सुमार ताफ्याबरोबर हॉजेस बसला नसता.

आता दुसरी बाजू. वेल्कच्या संगीताला शॅम्पेन म्हणत. सूर तुटक, हलके, बुडबुड्यासारखे वर येऊन फुटणारे. कार्यक्रमात यंत्रातून खरोखरचे बुडबुडे सोडत. दहा मिनिटे गोड वाटते. अर्ध्या तासाने लक्षात येते की इथे कोणत्याच सुराला टोक उरलेले नाही. दुःखाचे गाणेही गालाला खळी पाडून येते. एकल वादन सुरू झाले की रंगण्याआधी संपते. फाउंटनसारखा माणूस तिथे दोनच वर्षे का राहिला असेल, याचा अंदाज ऐकूनच येतो. आणि ज्या जर्मनमध्ये हा माणूस वाढला, ती मी पाहिलेल्या भागांत जवळजवळ ऐकू येत नाही. पोल्का उरला आहे, उत्सवाच्या पोशाखासारखा. भाषा गेली, हेल राहिला. आणि हेलाचेही हसू होते हे त्याला ठाऊक होते. १९५७ साली स्टॅन फ्रीबर्गने त्याची नक्कल करणारी तबकडी काढली, ती खूप गाजली. ‘वंडरफुल’ हा शब्द वेल्क जसा उच्चारी, ‘वनरफुल’, तेच तिचे नाव. वेल्कने पुढे, १९७१ मध्ये, आपल्या आत्मचरित्राला तेच नाव दिले. लोक हसतात तर त्या हसण्यालाच छपाईवर घेऊ! ही शहाणपणाची गोष्ट आहे की हार मानण्याची, हे ठरवताना माझे मन अजून दोन्हीकडे जाते.

*

पण वेल्कची खरी किंमत कळायची तर त्याच सुमाराचा दुसरा कार्यक्रम शेजारी ठेवून पाहावा लागतो.

१९५६ च्या ऑक्टोबरात वेल्कला एबीसीवर दुसरा कार्यक्रम मिळाला, सोमवारचा. महिन्याभरातच, ५ नोव्हेंबरच्या सोमवारी, एनबीसीवर नॅट किंग कोलचा कार्यक्रम सुरू झाला. आधी पंधरा मिनिटांचा, पुढच्या जुलैपासून अर्ध्या तासाचा. साथीला नेल्सन रिडलचा वाद्यवृंद. हा रिडल एके काळी टॉमी डॉर्सीच्या ताफ्यात ट्रॉम्बोन वाजवीत असे, म्हणजे नाचाच्या वाद्यवृंदाचेच हे पुढचे पाऊल. ते काय सुंदर पाऊल होते! रिडल तारवाद्ये आवाजाच्या मागे धुक्यासारखी पसरतो आणि पितळी वाद्ये वाक्य संपल्यावरच बोलतात. कॅमेऱ्याला एक चेहरा हवा होता ना? हा चेहरा शांत आहे, ओळीच्या अर्थाबरोबर किंचित बदलतो. आणि इंग्रजी उच्चार! शेवटचे व्यंजनसुद्धा हळुवार ठेवलेले. इंग्रजी जेमतेम येणाऱ्या मलाही शब्दन्‌शब्द कळला.

या कार्यक्रमाला देशव्यापी प्रायोजक मिळाला नाही. कारण नॅट कोल काळा होता. दक्षिणेतले गिऱ्हाईक बिथरेल अशी उत्पादकांना धास्ती होती. त्याच वर्षीच्या एप्रिलमध्ये अलाबामातल्या बर्मिंगहॅम शहरात गोऱ्या श्रोत्यांपुढे गात असताना वर्णद्वेष्ट्यांनी रंगमंचावर चढून कोलवर हल्ला केला होता. वाहिनीने खर्च सोसला, एला फिट्झगेराल्ड आणि हॅरी बेलाफॉण्टे यांच्यासारखे कलावंत स्नेहापोटी नाममात्र मानधनावर येऊन गायले. तरी १७ डिसेंबर १९५७ ला तो संपला, आणि थांबायचे कोलनेच ठरवले. जाहिरातींच्या गल्लीला अंधाराची भीती वाटते, अशा अर्थाचे त्याचे उद्गार प्रसिद्ध आहेत.

दोन सोमवार शेजारी ठेवले की चित्र स्पष्ट होते. एकाला इंग्रजी धड बोलता येत नव्हती. त्याला मोटारवाले मिळाले, पुढे अशक्तपणावरच्या औषधाचे कारखानदार मिळाले. दुसऱ्याची इंग्रजी सोन्याच्या नाण्यासारखी खणखणीत. त्याला कोणी मिळाले नाही. मी इतकी वर्षे समजत होतो की दाराशी भाषा अडवते. इथे भाषा मोडकी असूनही दार उघडले, आणि निर्दोष असूनही बंद राहिले. हेल हा परकेपणाचा असा प्रकार होता की ज्यावर घरमालक हसू शकत होता, आणि ज्याच्यावर हसता येते त्याला तो सोप्यात बसवून घेतो.

याचा दोष वेल्कवर टाकणे अन्यायाचे होईल. १९६४ मध्ये त्याने आर्थर डंकन या काळ्या टॅपनर्तकाला आपल्या कार्यक्रमात कायमचे घेतले, आणि तो अखेरपर्यंत राहिला. पण मी पाहिलेल्या भागांत वादकांच्या रांगांतून काळा चेहरा दिसला नाही. ज्या संगीतातून सॅक्सोफोनच्या त्या रांगा जन्मल्या, ते संगीत घडवण्यात काळ्या वादकांचा केवढा वाटा होता हे आठवले, म्हणजे ही अनुपस्थिती बुडबुड्यांआडूनही बोचते. १९७१ मध्ये एबीसीने वेल्कलाही निरोप दिला. प्रायोजकांना आता तरुण प्रेक्षक हवे होते. त्याने खचून न जाता स्वतःच देशभरच्या स्थानिक वाहिन्यांशी करार केले आणि १९८२ पर्यंत कार्यक्रम चालवला. तो जिद्दीचा माणूस होता, यात शंका नाही. १९९२ मध्ये तो गेला.

*

आता त्या ढोलकीवाल्या मुलाविषयी.

बेळगावातल्याच एका मोठ्या घरच्या लग्नात आमचा कार्यक्रम होता. रात्र त्यानेच मारून नेली. म्हातारी माणसे खुर्च्यांवर ताल धरत होती. कार्यक्रम संपल्यावर यजमानांनी आग्रहाने आम्हाला आत पंगतीला बसवले. माझ्या कानडी हेलावर तिथे कोणी हसले नाही, तो त्यांचाही होता. ढोलकीवाल्याचे ताट मांडवाच्या मागे गेले. त्याची जात त्या घराला ठाऊक होती. तो काही बोलला नाही, आणि आम्ही सहा जणही काही बोललो नाही. जिलेबी चांगली होती, हे मला अजून आठवते.

पुण्यातल्या त्या खसखशीचे दुःख मी चाळीस वर्षे जपले, चारचौघांत रंगवून सांगितले. हे मात्र आज पहिल्यांदा लिहितो आहे.